एक कॅमेरामन, एक व्हीलचेअर आणि सदाशिव पेठेतलं छत

गेल्या जूनमध्ये माझा भाचा एक यादी घेऊन घरी आला. दोन एलईडी पॅनल, हातातला कॅमेरा स्थिर ठेवणारं एक गिंबल, दिव्याचा उजेड मऊ करणारा एक मोठा सॉफ्टबॉक्स, तीन स्टँड. खाली बेरीज : ३८ हजार रुपये. "मावशी, एवढं आलं की शॉर्टफिल्म सुरू." मी यादीची घडी घातली, चष्म्याच्या डबीत ठेवली आणि म्हटलं, "वर बघ."

तो वर बघत राहिला. "काय आहे? पाल?"

"छत आहे. दहा बाय बाराचं, पांढरं. हा तुझा सॉफ्टबॉक्स. याला पैसे पडत नाहीत."

एकोणिसाव्या वर्षी फुकटची गोष्ट पटत नसते. ती पटवायला सहा रविवार गेले. त्या सहा रविवारांत आम्ही राउल कुतार या फ्रेंच कॅमेरामनचे सहा सिनेमे पाहिले आणि प्रत्येकानंतर घरातच काहीतरी करून बघितलं. कसं केलं ते इथे सांगते. ज्याच्याकडे फोन आहे, एक खोली आहे आणि खोलीतल्या माणसांचा थोडा धीर आहे, त्याला हे जमेल.

माझ्याबद्दल आधी दोन वाक्यं, म्हणजे अपेक्षा वाढायला नकोत. बाबांचा सदाशिव पेठेत फोटो स्टुडिओ होता. पासपोर्ट, बारसं, मुलगी दाखवायचे फोटो. तो बंद होऊन पंधरा वर्षं झाली. मी लग्नामुंजींचे व्हिडिओ करते आणि उरल्या वेळात छोटे माहितीपट. मी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची नाही. लॉ कॉलेज रोडवरून त्या फाटकासमोरून हजारदा गेले असेन. आत गेले ती एकाच मे महिन्यात, रसास्वाद शिबिराला. तेव्हा कुतारने शूट केलेला 'ब्रेथलेस' मोठ्या पडद्यावर पाहिला. बाहेर चहाला सगळे त्याच्या दिग्दर्शकाबद्दल, गोदारबद्दल बोलत होते. मला एकच प्रश्न पडला होता : त्या हॉटेलच्या खोलीत यांनी दिवे ठेवले कुठे? मी कुणाला विचारलं नाही, वेडेपणा वाटला. उत्तर बऱ्याच वर्षांनी वाचनात आलं. जवळजवळ कुठेच ठेवले नव्हते. खिडकी होती.

आधी एक माणूस धरा

"जगातले शंभर श्रेष्ठ सिनेमे" असल्या याद्यांच्या मागे लागू नका. त्यातून डोळा तयार होत नाही, फक्त गप्पांना माल मिळतो. एक माणूस धरा, आणि जमलं तर दिग्दर्शक न धरता कॅमेरामन धरा. कुतार यासाठी फार सोयीचा. हाच माणूस गोदारकडे आहे, त्र्युफोकडे आहे, जाक देमीच्या 'लोला'ला आहे, पुढे कोस्टा-गाव्रासकडे आहे. चार वेगळ्या स्वभावांचे मालक. चारही ठिकाणी जे सारखं दिसतं ते कुतारचं, जे बदलतं ते त्यांचं. एवढी सोपी चाळण दुसरीकडे मिळत नाही.

दुसरी सोय म्हणजे त्याच्याकडे सुरुवातीला सामान नव्हतं. त्यामुळे त्याची नक्कल आपल्या खिशाला झेपते.

सिनेमा लावण्याआधी त्याच्या आयुष्याचं एक पान वाचून घ्या, कारण पडद्यावरच्या निम्म्या गोष्टी तिथून येतात. जन्म १९२४चा, पॅरिसचा. रसायनशास्त्र शिकायचं होतं, परवडलं नाही, म्हणून फोटोग्राफीकडे वळला. १९४५मध्ये सैन्याबरोबर इंडोचायनात, म्हणजे आजच्या व्हिएतनामच्या बाजूला गेला आणि पुढची अकरा वर्षं बहुतेक तिकडेच राहिला. युद्धाचे फोटो काढले, मोठ्या साप्ताहिकांना पाठवले. आता विचार करा : लढाईत फोटो काढणाऱ्याला "जरा थांबा, लाइट लावून घेतो" म्हणता येत नाही. जो उजेड आहे त्यात, ज्या कोपऱ्यात जीव वाचेल तिथून, एकदाच. ही सवय अंगात मुरलेला माणूस १९५६मध्ये सिनेमात आला, तोही गैरसमजातून. दिग्दर्शक पिएर शोंडोर्फेरने त्याला अफगाणिस्तानातल्या एका चित्रपटासाठी विचारलं. याला वाटलं, शूटिंग चाललेलं असताना फोटो काढायचेत. हो म्हणून बसला. मग कळलं की सिनेमाच शूट करायचाय. फिल्मचा कॅमेरा त्याने त्याआधी चालवलेला नव्हता.

हे वाचून मला फार बरं वाटलं. माझ्या पहिल्या लग्नाच्या ऑर्डरला मीही स्टिल कॅमेरा घेऊन गेले होते आणि मुलीच्या काकांनी हातात व्हिडिओचा डबा दिला होता.

वही आणि आवाज

पाहायची पद्धत अशी. पहिल्यांदा सिनेमा सरळ बघा, सबटायटलसकट, माणसासारखा. वही जवळ नको. दुसऱ्या दिवशी त्यातली फक्त दहा मिनिटं निवडा आणि आवाज पूर्ण बंद करून बघा. आवाज गेला की गोष्ट सुटते आणि उजेड दिसायला लागतो. प्रत्येक शॉटला थांबवून वहीत खोलीचा नकाशा काढा : माणूस कुठे, कॅमेरा कुठे, उजेड कुठून. चित्रकला यावी लागत नाही. माणसाला गोळा, कॅमेऱ्याला त्रिकोण, उजेडाला बाण.

उजेड कुठून येतो हे ओळखायला तीन जागा बघायच्या. नाकाची सावली कुठे पडलीय. बुबुळात चमक आहे का. असेल तर तिचा आकार कसा, कारण खिडकीची चमक चौकोनी येते आणि बल्बची टिंबासारखी. आणि हनुवटीखाली काळोख किती. बाबा स्टुडिओत नव्या पोराला कॅमेऱ्याला हातच लावू द्यायचे नाहीत. आधी नारळ द्यायचे. शेंडीवाला नारळ स्टुलावर ठेवायचा, डोळे पुढे, आणि एक बल्ब हातात धरून त्याच्याभोवती फिरायचं. नारळाच्या डोळ्यांत काळोख कधी साठतो आणि कधी निवळतो हे तासभर बघायचं. मी भाच्याला तेच करायला लावलं. तो म्हणाला, "मावशी, मी इंजिनिअरिंगला आहे." मी म्हटलं, "नारळाला माहीत नाही."

नकाशे काढण्याची ही युक्ती माझी नव्हे. बंगाली कॅमेरामन सुब्रत मित्र यांची. १९५०च्या आगेमागे फ्रेंच दिग्दर्शक झां रन्वार कलकत्त्याजवळ 'द रिव्हर'चं शूटिंग करत होते, छायांकन त्यांच्या पुतण्याकडे, क्लोद रन्वारकडे. विशीला टेकलेले सुब्रत मित्र तिथे नुसते बघायला जायचे आणि प्रकाशयोजनेची चित्रं काढून आणायचे. पुढे त्यांनी 'पथेर पांचाली'पासून सत्यजित रायांसाठी काय केलं ते जगाला माहीत आहे. त्यांच्याकडे मी पुन्हा येणार आहे, छताच्या वेळी.

पहिला रविवार : खिडकी

'ब्रेथलेस' १९६०मध्ये प्रदर्शित झाला. शूटिंग १९५९च्या ऑगस्ट-सप्टेंबरातलं. गोदारला दिवे नको होते. पण त्या काळची सिनेमाची फिल्म एवढी मंद की खोलीतल्या उजेडात रात्री काही उमटायचं नाही. स्टिल कॅमेऱ्यासाठी इल्फर्डची एचपीएस नावाची एक वेगवान फिल्म मिळायची, ४०० एएसएची (एएसए म्हणजे फिल्म किती कमी उजेडात चालते त्याचं माप, आजचं आयएसओ), पण ती साडेसतरा मीटरच्या गुंडाळ्यांतच. साडेसतरा मीटर म्हणजे पडद्यावर जेमतेम ३८ सेकंद. यांनी त्या गुंडाळ्या एकीला एक जोडून कॅमेऱ्यात भरल्या. वर रोल धुताना वाढवून धुतला आणि ८०० एएसएपर्यंत नेला. कॅमेरा होता कॅमेफ्लेक्स, खांद्यावर येण्याइतका हलका आणि शिवणयंत्रासारखा खडखडणारा, त्यामुळे आवाज सगळा नंतर भरला.

तुमच्या फोनमध्ये ८०० आयएसओ ही एका बोटाची गोष्ट आहे. म्हणून ती जोडाजोड मनात ठेवूनच खिडकीपाशी बसा.

करायचं असं. सकाळी नऊच्या सुमारास, ऊन थेट आत येत नसेल अशी खिडकी बघा. खोलीतले सगळे दिवे बंद, ट्यूबसुद्धा. आमच्याकडे 'दिवसा ट्यूब लावू नये' हे आजीचं वाक्य होतं, बिलासाठी. इथे ते रंगासाठी आहे, कारण खिडकीचा उजेड आणि ट्यूबचा उजेड एका चेहऱ्यावर कधीच नांदत नाहीत. फोनमध्ये प्रो मोड असेल तर सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० ठेवा, आणि ते कायम तसंच ठेवा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, दिवा सेकंदाला १०० वेळा लुकलुकतो. या आकड्यांत ती लुकलुक चित्रात शिरत नाही. व्हाइट बॅलन्स, म्हणजे फोनने पांढरं कशाला म्हणायचं ते, एकदा ठरवून कुलूपबंद करा. नाहीतर माणूस भिंतीकडून खिडकीकडे आला की फोन स्वतःच्या अकलेने रंग बदलतो.

मग माणसाला खिडकीला काटकोनात बसवा आणि हळूहळू आत, खोलीच्या पोटात सरकवा. दर हाताभर अंतराला दहा सेकंद शूट करा. खिडकीजवळ अर्धा चेहरा उजळ, अर्धा काळा. सहा फुटांवर तोच चेहरा मऊ होतो. आठ फुटांवर मऊ होता होता मातकट होतो. तुमच्या खिडकीचा नेमका टप्पा कुठला ते खडूने फरशीवर लिहून ठेवा. आमचा साडेपाच फूट निघाला, आणि तिथे नेमकी आईची खुर्ची होती. चाळीस वर्षं ती तिथेच बसून तांदूळ निवडते. उजेडाचं तिला आमच्याआधी कळलं होतं.

काळी बाजू फार काळी वाटली तर दिवा आणू नका. मांडीवर पांढरा टॉवेल टाका. बाबा नवरीचे फोटो काढताना हेच करायचे, फ्रेमच्या खाली तिच्या मांडीवर धुतलेला पंचा. डोळ्यांखालची काळी वर्तुळं निम्मी जायची, आणि रिटचिंगचे पैसे मात्र पूर्ण लावायचे.

दुसरा आणि तिसरा : छत

यावर मी जास्त वेळ घालवणार आहे, कारण माझ्या मते कुतारकडून घ्यायची मुख्य गोष्ट हीच.

जुनी स्टुडिओची पद्धत म्हणजे प्रत्येक माणसावर वेगळा दिवा, मागून एक, बाजूने एक. माणूस दोन पावलं हलला की सगळं बिघडतं, म्हणून नटाला खडूच्या खुणेवर उभं करायचं. कुतारने 'ब्रेथलेस'नंतरच्या सिनेमांत खोल्यांसाठी सोपा मार्ग धरला. फोटोफ्लड बल्बची, म्हणजे फोटोसाठीच्या प्रखर बल्बची, रांग भिंतीच्या वरच्या कडेला लावायची, तोंड माणसाकडे नाही, छताकडे. छतावर आपटून उजेड सगळीकडे सारखा खाली येतो. मग नट खोलीत कुठेही जावो, कॅमेरा कुठेही वळो. दिवे हलवत बसायचा वेळ वाचतो आणि खोली खोलीसारखी दिसते.

साहित्य पुण्यात विजेच्या सामानाच्या तपकीर गल्लीत एका फेरीत मिळतं : तीन फुटी लाकडी पट्टी, चार होल्डर, एकाच कंपनीचे एकाच छटेचे नऊ वॉटचे चार एलईडी बल्ब, वायर, पिन. सगळं पाचशेच्या नोटेत बसलं. वायरिंग स्वतःला येत नसेल तर वायरमनकडून करून घ्या, यात मर्दुमकी दाखवू नका. पट्टी लोखंडी कपाटावर ठेवा, कपाट भिंतीला लागून असतंच. बल्बांच्या पुढे स्वयंपाकघरातला अॅल्युमिनियम फॉइल गुंडाळलेला पुठ्ठा उभा करा, म्हणजे बल्ब थेट खोलीत दिसत नाहीत. बाबांच्या वेळचे पाचशे वॉटचे फोटोफ्लड असते तर हे मी सांगितलंच नसतं. ते इतके तापायचे आणि इतके लवकर जायचे की बाबा "हसा" म्हणायच्या क्षणापुरतेच लावायचे.

आता यातली मेख. उजेड वरून आला की डोळ्यांच्या खोबणीत काळोख साठतो. नारळ आठवा. त्यावर उपाय म्हणजे बल्ब छताच्या मध्यावर न मारता भिंत आणि छत मिळतात त्या कोपऱ्यावर मारायचे. मग उजेड थोडा समोरून, तिरका येतो. खाली फरशी फिकट असेल तर ती उरलेलं काम करते. काळी शहाबादी असेल तर फ्रेमच्या बाहेर जमिनीवर एक धुतलेली चादर अंथरा.

दुसरी मेख मला पैसे मोजून कळली. बऱ्याच वर्षांपूर्वी नारायण पेठेत एका मुंजीला मी ही विद्या पहिल्यांदा वापरली. तीन हॅलोजन छताकडे वळवले आणि स्वतःवर खूश झाले. माजघराचं छत पिस्ता रंगाचं होतं, ऑइलपेंट. डोळ्याला ते जाणवत नाही, डोळा समजून घेतो. कॅमेरा घेत नाही. मातृभोजनाचा सगळा भाग हिरवट आला. बटू हिरवा, बटूची आई हिरवी, श्रीखंडसुद्धा हिरवं. यजमान शांतपणे म्हणाले, "आमच्याकडे सगळ्यांना एकदम मळमळत होतं का हो?" मी दोन हजार परत केले. छताचा रंग खाली येतो; आधी पांढरा कागद धरून बघा, कागद कुठल्या बाजूला झुकतो ते.

आणि वाडा असेल तर? वाड्याला छत म्हणजे सागवानी तुळया आणि फळ्या, उजेड गिळून टाकणाऱ्या. इथे सुब्रत मित्र पुन्हा येतात. 'अपराजितो'मध्ये काशीच्या घराचा चौक आहे. तो चौक कलकत्त्याच्या स्टुडिओत उभारलेला होता, आणि चौकात उजेड वरून, आकाशातून, सावली न पाडता यायला हवा होता. मित्रांनी वर पांढरं कापड ताणलं आणि दिवे खालून त्या कापडावर मारले. साल १९५६. त्या साली कुतार अजून सिनेमात पाऊल टाकत होता. फ्रेंच मंडळींनी काय शोध लावले यावर मोठाली भाषणं होतात, तेव्हा मी हे साल हळूच सांगते.

तर तुळयांखाली पांढरं कापड ताणा. मांजरपाट नको, ते पिवळसर असतं आणि चेहरेही पिवळे करतं; ब्लीच केलेलं लाँगक्लॉथ आणा. आम्ही मांडववाल्याच्या गाठी मारून चार खुंट्यांना बांधलं. पहिल्यांदा ते सुटून आजीच्या, म्हणजे माझ्या आईच्या, अंगावर पडलं. तिने त्यातूनच विचारलं, "झालं का?"

चौथा : व्हीलचेअर

आईच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं होतं, म्हणून रुग्णसाहित्य केंद्रातून एक महिन्यासाठी व्हीलचेअर आणलेली होती. तिसऱ्या आठवड्यात ती वॉकरवर आली आणि खुर्ची कोपऱ्यात पडली. भाचा म्हणाला, "परत देऊन टाकू?" मी म्हटलं, थांब. आधी 'ब्रेथलेस'ची गोष्ट ऐक. ट्रॉलीचे रूळ टाकायला पैसे नाहीत, वेळ नाही, म्हणून कुतार व्हीलचेअरमध्ये कॅमेरा घेऊन बसायचा आणि गोदार स्वतः ढकलायचा. पॅरिसच्या शॉन्झ-एलिझे या रस्त्यावर तर त्याला टपालाच्या हातगाडीत लपवलं आणि भोकातून शूट केलं. तरी काही येणारे-जाणारे वळून बघताना पडद्यावर दिसतात. त्यांनी ते ठेवून दिलं.

व्हीलचेअर चालवण्याचं तंत्र मात्र आहे. बसणाऱ्याने पाठ टेकायची नाही. पाठ टेकली की खुर्चीचा प्रत्येक हादरा कॅमेऱ्यात. कोपर बरगड्यांना चिकटवा, फोन दोन्ही हातांत, बुडाखाली घडी घातलेली गोधडी. ढकलणाऱ्याने आधी शॉटशिवाय तीनदा तेच अंतर चालायचं, पावलं मोजत, आणि थांबताना दोन पावलं आधीपासून सैल व्हायचं. आमच्या गॅलरीत शहाबादी फरशी आहे. दर दोन फुटांवर सांधा, आणि पुढची छोटी चाकं प्रत्येक सांध्यावर उडी मारतात. तासभर वैतागल्यावर सुचलं की खुर्ची उलटी ओढावी. मोठं चाक आधी सांध्यावर येतं आणि सांधा गिळून पुढे जातं. याचा फायदा असा की कॅमेरा मागे मागे जातो आणि माणूस आपल्याकडे चालत येतो, म्हणजे चेहरा मिळतो. मी आर्मरेस्टवर पांढरी चिकटपट्टी लावली, कोपर कुठे ठेवायचं त्याची खूण. ती पुढे आम्हाला नडली.

हातगाडीत लपून लक्ष्मी रोडवर शूट करू नका, पूर्वसूचना देऊन ठेवते. माणसांना विचारा. पुण्यात विचारलं की चौकशी होते, सल्ला मिळतो, क्वचित परवानगीही मिळते.

या रविवारी 'कंटेम्प्ट'ची पहिली दोन-तीन मिनिटं जरूर बघा. १९६३चा. सुरुवातीला रुळांवरून एक कॅमेरा लांबून आपल्याकडे सरकत येतो, श्रेयनामावली अक्षरांत नाही, गोदार बोलून सांगतो, आणि त्या कॅमेऱ्यामागे बसलेला माणूस म्हणजे खुद्द कुतार. शेवटी तो भिंग वळवून थेट आपल्याकडे रोखतो. ज्याची वही आपण चार आठवडे भरतोय त्याचं थोबाड एकदा बघून घ्यावं. पुढे काप्री बेटावरचं घर, समुद्र, रंग, ते निवांत बघा. गोदारच्याच 'वीकएंड'मधला वाहतूक-कोंडीचा ट्रॉली शॉटही मी सुचवणार होते, जवळजवळ ३०० मीटर लांबीचा. पण भाचा म्हणाला, हे मी रोज कर्वे रोडला बघतो.

पाचवा : गर्दी, आणि स्वतःची गोष्ट

'झेड' १९६९चा, कोस्टा-गाव्रासचा, ग्रीसमधल्या राजकीय हत्येवरचा, शूटिंग अल्जीअर्समध्ये. इथे कुतारचा युद्धातला फोटोग्राफर पुन्हा जागा झालेला दिसतो. गर्दीत कॅमेरा माणसांच्या खांद्याच्या उंचीवर आहे, धक्के खातोय. एका छोट्या भूमिकेत कुतार इंग्रज सर्जन म्हणून दिसतो, तो ओळखा. सराव म्हणून भाच्याला मी रविवारी सकाळी मंडईत पाठवलं, अट एकच : झूम करायचं नाही. जवळचं हवं तर पायांनी जवळ जायचं. तो अडीच तासांनी आला, सतरा सेकंद वापरण्यासारखे होते आणि दोन किलो गवार.

त्याच रविवारी 'होआ-बिन्ह'बद्दल बोललो. १९७०मध्ये, पंचेचाळीस ओलांडल्यावर, कुतारने स्वतः दिग्दर्शन केलं. विषय व्हिएतनाम, तिथे तो तरुणपणी राहिला होता. बाप लढायला गेलेला, आई मरते, आणि दहाएक वर्षांचा मुलगा युद्ध चाललेल्या शहरात धाकट्या बहिणीला सांभाळतो. छायांकन त्याने स्वतः केलं नाही, जॉर्ज लिरोंना दिलं. मला ही गोष्ट फार महत्त्वाची वाटते. आयुष्यभर कॅमेऱ्याने नाव मिळवलं, आणि आपली सर्वांत जवळची गोष्ट सांगताना कॅमेरा दुसऱ्याच्या हातात दिला. त्या चित्रपटाला कान महोत्सवात पहिल्या कलाकृतीचा पुरस्कार आणि त्याच वर्षीचा झां व्हिगो पुरस्कार मिळाला, ऑस्करचं नामांकनही. नंतर त्याने आणखी दोन चित्रपट दिग्दर्शित केले, आफ्रिकेतल्या कोल्वेझीत उतरलेल्या फ्रेंच सैनिकांवरचा १९८०चा आणि १९८३चा एक हेरपट. ते बघितले नाहीत तरी चालेल.

यावरून सराव : एक शॉट ठरवा, आणि तो शूट करायला दुसऱ्याला द्या. तुम्ही फक्त तोंडाने सांगायचं, हात पाठीमागे. भाच्याला हे सगळ्यात जड गेलं. मलाही.

सहावा : पाऊस

तोवर जुलै संपत आला होता. पुण्यातला तो करडा, दिवसभर सारखा उजेड, ज्याला लग्नवाले फोटोग्राफर शिव्या देतात. त्या दिवशी मी 'ल क्राब-तांबूर' लावला. १९७७चा, पुन्हा त्याच शोंडोर्फेरचा, ज्याने याला चुकून सिनेमात आणलं. उत्तर अटलांटिकमधलं जहाज, शिशासारखा समुद्र, शिशासारखं आकाश. याच कामासाठी कुतारला सेझार, म्हणजे फ्रेंच सिनेमाचा मोठा पुरस्कार, मिळाला. नुसत्या करड्या रंगाच्या किती जाती असतात ते बघा, आणि मग गॅलरीत जा.

फोनला करडं आवडत नाही. तो ढगाळ आकाश बघितलं की चित्र उजळवून पांढरंफटक करतो. एक्स्पोजर हाताने पाऊण ते एक टप्पा खाली आणा. फ्रेममध्ये एकच रंगीत वस्तू ठेवा, छोटी. आम्ही समोरच्या गच्चीवर वाळत घालून विसरलेला लाल परकर घेतला. त्या बाईंचं तो आत न्यायचं दोन दिवस लक्ष नव्हतं, आमचं भलं झालं.

पुढचं ज्याला हवं त्याने बघावं. १९८२चा 'पॅशन', गोदारबरोबर बऱ्याच वर्षांनी, जुनी चित्रं जिवंत माणसांकडून उभी केलेला. त्याला कानमध्ये तांत्रिक पुरस्कार मिळाला. आणि २००१चा, दिग्दर्शक फिलिप गारेलबरोबरचा, शेवटचा, पुन्हा कृष्णधवल. तेव्हा कुतार शहात्तरचा होता. २०१६मध्ये गेला. हे सगळं एका जागी मिळत नाही; फिल्म अर्काइव्हचे खेळ आणि आलियान्स फ्रान्सेज या फ्रेंच भाषा-संस्कृती केंद्राच्या कार्यक्रमांवर डोळा ठेवावा लागतो.

भाच्याची शॉर्टफिल्म झाली, चार मिनिटांची. आई खिडकीशी तांदूळ निवडते, उठते, वॉकर घेऊन गॅलरीतून चालत येते, कॅमेरा मागे मागे जातो. यादीतलं त्याने काहीच घेतलं नाही, म्हणजे अजून तरी नाही.

महिना संपला त्या दिवशी आम्ही व्हीलचेअर परत करायला गेलो, मागे धरून, रिक्षात अर्धी बाहेर. काउंटरवरच्या गृहस्थांनी पावती बघितली, चाकं फिरवून बघितली.

"पेशंट कसे आहेत?"

"आजी चालायला लागली," भाचा म्हणाला.

"उत्तम." त्यांनी आर्मरेस्टवरची पांढरी चिकटपट्टी नखाने खरवडली. तिच्यावर भाच्याच्या अक्षरात लिहिलं होतं : टेक नऊ, आजीने बघू नये. त्यांनी ते दोनदा वाचलं, चष्म्यावरून आमच्याकडे बघितलं, आणि अनामतीतून वीस रुपये साफसफाईचे म्हणून कापले.